आखडता हात

"जज्जसाहेब, तुमच्या हाताला काटे फुटलेत का? कुणाच्याच हातात का देत नाही तो?"

केना हॅमरिकने हा प्रश्न विचारला तो आगीच्या बंबखान्याच्या हॉलमध्ये, अख्ख्या गावादेखत, गालात मक्याच्या पावाचा घास असताना! पैज मैत्रिणींनी लावली होती. ब्रिन म्हणाली, "जिल्ह्यात वक्तृत्वाला पहिली आलीस ना? मग जा की, म्हाताऱ्यासमोर तोंड उघडून दाखव." मेसीने आगीत तेल ओतलं, "राहू दे गं, हिची जीभ फक्त माइकसमोर चालते." एवढं ऐकून केना बसून राहणार? गेल्या महिन्यात हातात ढाल आल्यापासून तिला वाटत होतं, आपण बोलायला लागलो की डोंगरसुद्धा कान टवकारतील. ती उठली, कोपऱ्यातल्या टेबलापाशी गेली आणि ठणकावून विचारून मोकळी झाली.

आधी हशा पिकला. मग एकदम सगळ्यांचे काटेचमचे थांबले.

एप्रिलमध्ये डोंगरउतारावर रानलसूण फुटला की बर्च फोर्क गावात ही पंगत बसायचीच. चरबीत परतलेला रानलसूण, बटाटे, घेवडा, मक्याचा पाव. जेवल्यावर चार दिवस तोंडाला असा वास, की शाळेत बाई भर थंडीत खिडक्या उघडायला लावत. ही पंगत गावात कुणी चुकवत नसे. जज्ज ओकी स्टॉलनेकरही चुकवत नसत. फक्त ते एकटे बसत. कुणी हात पुढे केलाच तर हसत, मान लववत, आणि आपला उजवा हात हळूच कोटाच्या खिशात घालत.

आणि हे कुणी करावं? ओकींनी!

हेच ओकी सोळा वर्षं आमदार होते. मूळचे पशुखाद्याचे दुकानदार. पण माणूस असा बोलका, की लोकांनी त्यांना उचलून राजधानीत, चार्ल्सटनच्या विधिमंडळात नेऊन बसवलं. नदीवरचा पूल त्यांनी आणला. कोळशाच्या खाणीत फुप्फुसं काळी होऊन गेलेल्या माणसांच्या बायकांची पेन्शन अडली की ओकींचा फोन जायचा आणि गाडी रुळावर यायची. आणि त्यांचं ते हात मिळवणं! उजव्या हातात तुमचा हात, डावा हात तुमच्या कोपराला, आणि वर तुमच्या आईच्या गुडघ्याची चौकशी. लोक म्हणायचे, ओकीने हात धरला की हिवाळ्यात हातमोजे लागत नाहीत. निवडणूक आली की घरोघरच्या अंगणात पाटी लागायची: 'ओकी – आपला माणूस!' त्या पाट्या ठोकायचे केनाचे बाबा, वेंडल हॅमरिक.

पुढे ओकींची बायको गार्नेट आजारी पडली, राजधानीच्या खेपा झेपेनात, तेव्हा ते गावच्या कोर्टाच्या जज्जपदाला उभे राहिले. वेस्ट व्हर्जिनियात खालच्या कोर्टाचा जज्जही मतांवरच निवडून येतो. त्याने वकिली शिकलेली असावी अशी अट नाही. गाव खूश झालं. आता कोर्टातही आपलाच माणूस! पहिली काही वर्षं तसंच चाललं. आणि मग एक दिवस ओकींनी हात आखडता घेतला. का, ते कुणाला कळलं नाही, आणि कुणी विचारलंही नाही. गावाने आपला निकाल लावून टाकला: खुर्ची डोक्यात गेली.

केनाच्या घरी तर सध्या दुसरा विषयच नव्हता. ओढ्याकाठी बाबांची भाड्याने द्यायची तीन चाकांवरची ट्रेलरघरं होती. त्यातल्या एकात इव्हॉन नावाची ओहायोहून आलेली बाई दोन मुलांना घेऊन राहायची; वृद्धाश्रमात आयाचं काम करायची. आता बाबांचा पुतण्या टकर लग्न करून गावी परत येत होता. "आपल्या माणसाला घर नको?" असं म्हणून बाबांनी इव्हॉनला घर सोडायला सांगितलं. ती म्हणाली, "ऑगस्टमध्ये तुम्हीच तर म्हणालात, मुलांचं शाळेचं वर्ष संपेपर्यंत खुशाल राहा." बाबा म्हणाले, "मला आठवत नाही. आणि म्हटलं असेन, तर कागद कुठाय?" प्रकरण कोर्टात गेलं. सोमवारी सकाळी सुनावणी होती.

खरी गोष्ट अशी, की बाबा तसं म्हणाले होते. दारापुढच्या ओट्यावर, किल्ली देताना. केना शेजारीच उभी होती. तिने बाबांना आठवणही करून दिली होती. तेव्हा बाबा म्हणाले, "मोठ्यांच्या व्यवहारात नाक खुपसू नकोस. तू आपल्या बाजूची की त्यांच्या?" वक्तृत्वाची ढाल जिंकणारी केना गप्प बसली.

बाबांचा राग मात्र इव्हॉनपेक्षा ओकींवर जास्त होता. "सोळा वर्षं पाट्या ठोकल्या मी त्याच्या! दोनदा अंगठ्याचं नख गेलं! आणि माझं काम आलं तर म्हणतो, वेंडल माझ्या ओळखीचा आहे, हे दुसऱ्या जज्जकडे पाठवा. अरे, ओळख आहे म्हणून तर निवडून दिला तुला!"

तर आता त्याच ओकींसमोर केना कमरेवर हात ठेवून उभी होती, आणि अख्खा हॉल कान देऊन ऐकत होता.

ओकींनी रुमालाने तोंड पुसलं. ते रागावले नाहीत. उलट, बऱ्याच दिवसांनी पाहुणा यावा तसे तिच्याकडे बघत राहिले.

"इतक्या वर्षांत हे विचारणारी तू पहिलीच," ते म्हणाले. "चल, बाहेर अंगणात बसू. सगळ्यांना दिसू अशा जागी. पण आधी एक. तुझ्या बाबांच्या सोमवारच्या कामाबद्दल एक अक्षर काढायचं नाही. ते माझ्याकडे नाही, आणि त्यावर मी तुझ्याशी काय, माझ्या कुत्र्याशीही बोलणार नाही. कबूल?"

"कबूल," केना म्हणाली. मागे मेसी कुजबुजली, "मेली ही आता!"

दुपारचं ऊन बंबाच्या लाल गाडीवर चमकत होतं. दोघं बाकावर बसली. ओकींनी आपला उजवा तळहात उन्हात समोर धरला.

"या हाताने मी आमदार झालो," ते म्हणाले. "भाषणं मला कुठे यायची! ज्याचा हात हातात घेतला, त्याचं मत मिळालं. सोळा वर्षांत सवयच लागली. माणूस दिसला की हात पुढे. मग मी जज्ज झालो. खुर्ची बदलली, पोरी, हात बदलला नाही."

"मग त्यात काय वाईट? माणसाने माणसाशी हात मिळवू नये?"

"ऐक तर. जज्ज झालो त्यानंतरच्या एका नोव्हेंबरातली गोष्ट. सकाळी कोर्टाचा जिना चढून गेलो. वर एकजण उभा होता, आपल्या गावचा, माझ्या चांगल्या ओळखीचा. त्याचं त्या दिवशी काम होतं; भाडेकरूकडून घर सोडवून घ्यायचं होतं. मला ते त्या क्षणी ध्यानातही नव्हतं. नेहमीसारखा दोन्ही हातांनी त्याचा हात धरला. त्याच्या आईचं कंबरेचं ऑपरेशन झालं होतं, त्याची चौकशी केली. हरणाच्या शिकारीवरून त्याला चिडवलं. दोघं खो खो हसलो. आणि मी आत जाऊन बसलो."

"बरं, मग?"

"मग कामाचा पुकारा झाला. तो आला, त्याच्याबरोबर त्याची चार माणसं आली. समोरच्या बाजूला कुणी नाही. तीनदा नाव पुकारलं. शिपाई म्हणाला, आत्ता तर बाहेर बसली होती, रोएना नावाची बाई, बरोबर छोटी मुलगी होती. बाहेर जाऊन पाहिलं, तर बाकडं रिकामं. आता एक बाजू आलीच नाही तर कायदा काय सांगतो? निकाल दुसऱ्या बाजूने. मी सही केली. कायद्याने बघशील तर कुठे बोट ठेवायला जागा नाही."

केनाचं वक्तृत्व लगेच उसळलं. "मग चूक तिचीच! आत येऊन बोलायला काय झालं होतं तिला?"

ओकी हसले, पण ते हसू डोळ्यांपर्यंत पोचलं नाही.

"तू बास्केटबॉल खेळतेस ना? समज, सामना सुरू व्हायच्या आधी पंचाने समोरच्या टीमच्या कोचला मिठी मारलेली तुला दिसली. काय करशील?"

"बोंब ठोकीन! सोडते की काय!"

"ठोकशील. कारण तुझ्यामागे तुझे आईबाप, तुझी शाळा, हा अख्खा गाव आहे. तिच्यामागे कोण होतं? परराज्यातून आलेली एकटी बाई आणि तिच्या बोटाला धरलेली पोर. अंगातला त्यातल्या त्यात चांगला कोट घालून ती आली होती. तिने पाहिलं, ज्याच्याविरुद्ध आपण उभे, त्याचा हात जज्जने दोन्ही हातांत धरलाय. ती उठली, मुलीला घेतलं आणि जिना उतरून गेली. मी तिला जा म्हटलं नाही, केना. माझा हात म्हणाला."

आतून घेवड्याच्या पातेल्यांचे आवाज येत होते.

"तुम्हाला हे कुणी सांगितलं?" केनाने विचारलं.

"तिनेच. पुढच्या निवडणुकीच्या वेळी शेजारच्या जिल्ह्यात पेट्रोलपंपावर थांबलो होतो. गल्ल्यावर बाई होती. मी सवयीने हात पुढे केला: 'ओकी स्टॉलनेकर!' तिने आपले दोन्ही हात पाठीमागे घेतले. म्हणाली, 'हा हात मी ओळखते.' मग सगळं सांगितलं, एकेक शब्द, आवाज न चढवता. घर गेल्यावर दोघी गाडीत राहिल्या. थंडी पडली. पोरीची छाती भरली, दवाखान्यात नेली, तर तिथल्यांनी विचारलं, पत्ता काय? गाडीत राहणारी आई म्हणून सरकारने मुलगी ताब्यात घेऊन दुसऱ्या घरी ठेवली. ती परत मिळालीच नाही."

"आणि तुम्ही? तुम्ही काय म्हणालात?"

"काय म्हणणार? फेरअर्जाची मुदत कधीच उलटून गेली होती. मी माफी मागितली. ती म्हणाली, 'माफी राहू द्या तुमच्याजवळ. पेट्रोल किती टाकू ते सांगा.'"

केना बाकावर त्यांच्याकडे वळून बसली.

"त्या दिवसापासून हात खिशात," ओकी म्हणाले. "गावाला वाटतं मला गर्व चढला. वाटू दे. गार्नेट गेली तेव्हा सगळं गाव आलं होतं, पण कुणी जवळ आलं नाही. लांबून मान हलवून गेले. मीच शिकवलं होतं त्यांना तसं. त्या दिवशी फार वाटलं, कुणीतरी हात धरावा." त्यांनी हात पुन्हा खिशात घातला. "पण कोर्टाच्या जिन्यावर उद्या अशीच कुणी परकी बाई बसलेली असेल. तिला हे दिसलं पाहिजे, की या म्हाताऱ्याचा हात कुणाच्याच हातात नाही."

"तो माणूस कोण होता? घरमालक?"

"नाव सांगणार नाही. तो काही वाईट माणूस नव्हता, पोरी. हेच तर दुःख आहे. आम्ही दोघंही वाईट नव्हतो!"

केना हॉलमध्ये परत आली तेव्हा ब्रिन आणि मेसी धावत आल्या. "काय म्हणाला? काय म्हणाला?" केनाने त्यांना हातानेच थांबवलं. तिची नजर दाराजवळच्या टेबलावर गेली होती. इव्हॉन तिथे दोन मुलांना घेऊन बसली होती. आठ खुर्च्यांचं टेबल, आणि पाच खुर्च्या मोकळ्या! बाकी हॉलमध्ये माणसं एकमेकांच्या मांडीवर बसल्यासारखी दाटीने जेवत होती. हे मघाशीही असंच असणार. केनाला मघाशी ते दिसलंच नव्हतं.

ती जाऊन समोर बसली. इव्हॉन दचकली.

"सोमवारी येणार ना तुम्ही?" केनाने हळूच विचारलं.

इव्हॉनने धाकट्याच्या हनुवटीला लागलेलं पुसलं. "येऊन काय करू गं? तिथे सगळे तुमचेच. मघाशी तूसुद्धा जज्जशी बाहेर गप्पा मारत बसली होतीस, पाहिलं मी. असू दे. तू मुलगी चांगली आहेस. मी बांधाबांध सुरू केलीय."

जज्जने केनाबरोबर बाकावर बसावं, इव्हॉनच्या कामाचा एक शब्दही निघू नये, आणि तरी या बाईने काय पाहिलं? पुन्हा तेच! मघाशी तावातावाने "चूक तिचीच" म्हणणाऱ्या केनाची मान आपोआप खाली गेली. "ते... ते तुमच्या कामाबद्दल नव्हतं. आणि तुमचं काम त्यांच्याकडे नाहीये," ती अडखळत म्हणाली. इव्हॉन समजूतदारपणे हसली. मोठी माणसं लहान मुलांची कारणं ऐकताना हसतात, तसं.

संध्याकाळी घरी स्वयंपाकघरात बाबा खुशीत होते. "काय गं, आमच्या ओकीला चांगलंच पेचात पकडलंस! काय म्हणाला मग? काटे फुटलेत म्हणाला?"

केनाने सांगितलं. तिने वक्तृत्व केलं नाही. हातवारे नाहीत, आवाजाचे चढउतार नाहीत. जिना, आईचं कंबरेचं ऑपरेशन, चांगला कोट, रिकामं बाकडं. ती सांगत गेली तसा बाबांचा चेहरा उतरत गेला. त्यांनी कॉफीचा कप टेबलावर ठेवला.

"निळा कोट होता," ते म्हणाले.

आजीचं कंबरेचं ऑपरेशन कोणत्या वर्षी झालं होतं, ते केनाला आत्ता आठवलं.

"बाबा... तुम्ही?"

"मी नुसता हात मिळवला होता!" बाबा एकदम मोठ्याने म्हणाले. "ओकीने हात पुढे केला, मी काय नको म्हणायचं? मी तिला अडवलं होतं? यायचं होतं तिने आत! मला वाटलं, तिला दुसरं घर मिळालं असेल."

"तुला काहीच वाटलं नव्हतं, वेंडल," आई सिंकपाशी पाठमोरी होती, ती न वळता म्हणाली. "मलाही नाही. दुसऱ्याच दिवशी मी त्या घरातले पडदे धुतले. आपल्या मावशीला राहायला द्यायचं होतं म्हणून." मग ती वळली. तिचे डोळे भरले होते. "केना, त्या बाईची मुलगी लहानपणी तुझ्या वर्गात होती. ओपल."

ओपल! गवताचं पातं दोन अंगठ्यांमध्ये धरून शीळ वाजवायला शिकवणारी ओपल. एका सोमवारी तिची खुर्ची रिकामी दिसली. बाई म्हणाल्या, ते लोक गेले. कुठे गेले, हे केनाने विचारलं नव्हतं. दोन दिवसांनी त्या खुर्चीवर ती स्वतःच जाऊन बसली होती, कारण तिथून खिडकी जवळ पडायची. केना टेबलावर डोकं टेकून हुंदके देऊन रडली. बाबांनी तिच्या पाठीवर ठेवायला हात उचलला, आणि तो तसाच मधे थांबला.

वाचकहो, या गोष्टीत चोर नाही, लाचखाऊ नाही, कुणी कुणाच्या कानात काही सांगितलेलं नाही. आहे तो फक्त जिव्हाळा. पण आपल्यांसाठी जो जिव्हाळा असतो, तोच परक्याच्या तोंडावर बंद झालेलं दार असतो, हे आपल्यापैकी किती जणांच्या ध्यानात येतं? कोर्टात, कचेरीत, शाळेत आपण पहिल्यांदा विचारतो, तिथे आपलं कोण आहे? ज्याचं तिथे कुणीच नाही, त्याने कुठे जायचं? आपला माणूस म्हणून जे मिळतं ती मेहेरबानी. न्याय तो, जो कुणाचाही नसलेल्या माणसाला मिळतो. ओकींना हे शिकायला एका आईची मुलगी जावी लागली! आणि गेलेली मुलगी कुणाच्याही पश्चात्तापाने परत येत नाही.

केनाने डोळे पुसले आणि ती उठून उभी राहिली.

"आई, बाबा, सोमवारी मी शाळेत जाणार नाही. उद्या मी इव्हॉनकडे जाऊन तिला सांगणार आहे, की बांधाबांध थांबव आणि कोर्टात ये. मीही येईन, पण तुमच्या बाजूला बसणार नाही, बाबा. तिच्या शेजारी बसेन. जज्जने विचारलं, तर ऑगस्टमध्ये ओट्यावर किल्ली देताना तुम्ही काय म्हणालात, ते जसंच्या तसं सांगेन. टकरदादा रागावेल, गाव नावं ठेवेल, तुम्ही माझ्याशी बोलणंही टाकाल कदाचित. तरी मी सांगणार. मी तुमचीच आहे, बाबा, आणि तुमचीच राहणार. पण सोमवारी मी तिकडे बसणार आहे."